ओट्याखालचं बाष्पीभवन

रविवार, २८ ऑगस्ट २०२२
फरीज बिन ओमरान, दोहा

आज सकाळी पिठाचा डबा काढायला नयना ओट्याखाली वाकली आणि तिचा गुडघा ओला झाला. स्वयंपाकघरातल्या नळाला जमिनीलगतच्या कोपऱ्यातून एक तांब्याची नळी येते. तिच्या तळच्या नटापाशी पाणी ठिबकतंय. मिनिटाला आठ थेंब. घड्याळ लावून मोजले.

"नसरुद्दीनला सांगते," नयना म्हणाली. नसरुद्दीन हा आमच्या इमारतीचा नातूर, म्हणजे रखवालदार. मी तिला तिथल्या तिथे थांबवलं. नसरुद्दीनला कळलं म्हणजे मालकाच्या ऑफिसला कळलंच. आमचा करार तीस सप्टेंबरला संपतो. नोव्हेंबरात वर्ल्ड कप. शेजारची अख्खी इमारत जूनमध्येच रिकामी करून घेतली, पाहुण्यांसाठी. आमच्या मालकालाही निमित्तच हवंय. "जुनी लाईन गळते, मोठं काम काढायचंय, घर खाली करा" एवढं म्हटलं की चौदा वर्षांचं बिऱ्हाड रस्त्यावर. लेकीची, नुपूरची, बारावी आहे, फेब्रुवारीत बोर्ड. अशा वेळी घर शोधत फिरायचं?

म्हणून ठरवलं की ही गोष्ट या चार भिंतींबाहेर जाता कामा नये. मेसईदच्या प्लांटमध्ये मी सव्वीस वर्षं पायपिंग बघतोय. बायकोच्या ओट्याखालचा एक नट मला आवरणार नाही, असं होईल का?

सोमवार, २९ ऑगस्ट

आवरला. संध्याकाळी आल्या आल्या मेन कॉक बंद केला, नट उघडला, आट्यांवर टेफलॉन टेपचे चांगले सात वेढे दिले आणि मोठ्या पान्याने असा आवळला की बस्स. नयना म्हणत होती, "अहो, पुरे. मोडेल." बायकांना पान्याची भीतीच वाटते.

कॉक उघडला. आता मिनिटाला तीस थेंब.

गुरुवार, १ सप्टेंबर

दीड दिवसाचे गणपती आज बादलीत विसर्जित झाले. आरतीला खालच्या मजल्यावरच्या खतिजाबी आल्या होत्या. मूळच्या दापोलीकडच्या. मुलगा जहाजावर असतो, सून रुकैया हॉस्पिटलात नर्स, त्यामुळे दिवसभर एकट्याच. मोदक मोजून पाच खाल्ले आणि सहाव्याला "आता नुको गो" म्हणत तोही घेतला. आरती चालू असताना ओट्याखालचं टपटप ऐकू येऊ नये म्हणून मी झांजा जरा जोरात वाजवल्या.

ठिबकणाऱ्या जागेखाली बेकिंगचा ट्रे ठेवलाय. शास्त्रशुद्ध काम करायचं म्हणून चोवीस तासांचं पाणी मोजलं. मिनिटाला तीस थेंब म्हणजे दिवसाला साधारण दोन लिटर एकशेसाठ मिली. ट्रेमध्ये निघालं एक लिटर साठ मिली. उरलेलं एक लिटर शंभर कुठे गेलं? बराच विचार केला. दोह्याची हवा, त्यात वर एसी. बाष्पीभवन. नयनाला समजावून सांगितलं. तिने माझ्याकडे बघितलं आणि कणीक मळायला घेतली.

शनिवार, ३ सप्टेंबर

खतिजाबी सकाळी मोठं पातेलं मागायला आल्या. बिर्याणी करायचीय म्हणे. नयनाने आमच्या लग्नातलं दिलं. "चि. सौ. कां. नयना हिस गोविंदराव यांजकडून सप्रेम" असं नाव कोरलेलं, गोविंदमामांचं पातेलं. मी म्हटलं, अगं, एवढं मोठं? तर म्हणाली, "त्यांना मोठंच लागेल."

जिन्यात खतिजाबींनी मला विचारलं, "प्रतापभाय, काम कसां चाललाय?" प्लांटमध्ये दुरुस्तीचं शटडाऊन आलंय हे यांना कुणी सांगितलं कोण जाणे. म्हटलं, चाललंय, दोन आठवड्यांत होईल. त्या म्हणाल्या, "होऊ दे हां सावकाश. घाई नुको." फार समजूतदार बाई. ऑफिसात असा एक तरी माणूस हवा होता.

शुक्रवार, ९ सप्टेंबर

आज सुदामला बोलावलं. सुदाम औशाकडचा, आमच्या कंत्राटदाराकडे फिटर, राहायला बिरकत अल अवामेरच्या कॅम्पात. तांब्याच्या नळ्यांत त्याचा हात धरणारा कुणी नाही, पण मागल्या वर्षी मी त्याचे तीन जोड रिजेक्ट केले होते. कारण कागदावर बरोबर होतं. तो तोंडावर काही बोलला नव्हता, आज मात्र सगळं वसूल केलं.

ओट्याखाली डोकं घालून त्याने टॉर्च मारला आणि विचारलं, "साहेब, ही टेप कुणी गुंडाळली?"

"का?"

"फ्लेअरच्या नटाला टेप नसती. आटे नुस्ते वढून धरत्यात. पानी अडवतंय ते नळीचं तोंड. तांबं पितळेला नीट टेकलं की खलास, थेंब येत न्हाई. तुमी आवळून आवळून तोंडच फाडलंय."

मी म्हटलं, ठीक, तू शिकव, जोड मी करणार. नयना मधे म्हणाली, "अहो, सुदामभाऊंनाच करू द्या की. दहा मिनिटांचं काम." पण हा तत्त्वाचा प्रश्न आहे. सव्वीस वर्षं दुसऱ्यांचे जोड तपासले. एक तरी माझ्या हातचा असावा, एवढंच.

सुदामने तुकडे आणले होते. कटर नळीवर चढवायचं आणि हलकेच फिरवत न्यायचं, दाबायचं नाही. कापलेल्या तोंडाची आतली धार काढायची, तीही तोंड खाली धरून, म्हणजे कीस आत जात नाही. मग नळी भोकांच्या पट्टीत धरायची, नाण्याच्या जाडीइतकी वर ठेवायची, पट्टीवरच्या टोकदार सुळक्याला तेलाचा थेंब लावायचा आणि स्क्रू फिरवायचा. अर्धा पुढे, थोडा मागे. नळीचं तोंड कर्ण्यासारखं फुलतं, हाच फ्लेअर. पहिल्यांदा ते माझ्या हातून फुललं तेव्हा मी खरंच ओरडलो. एकसारखं, चकचकीत, कुठे चीर नाही. नुपूरही पुस्तक टाकून बघायला आली.

"बघ!" मी सुदामला दाखवलं.

त्याने ते हातात घेतलं, उजेडात फिरवलं. "झकास झालंय, साहेब. आता नट कसा घालनार?"

नट नळीत आधी घालायचा असतो. फुललेल्या तोंडावरून तो जात नाही. नट ओट्यावर चहाच्या कपाशेजारी होता.

"रिजेक्ट," सुदाम म्हणाला. नयना हसत हसत खाली बसली. नुपूर म्हणाली, "बाबा, दॅट इज सो यू."

दुसऱ्या खेपेलाही नट विसरलो. तिसऱ्या खेपेला नयनाने नट माझ्या हातात दिला, कपाळाला कुंकू लावावं तितक्या गंभीरपणे. शेवटी ओट्याखालची नळी इंचभर कापून माझ्या हातचा जोड बसला. मिनिटाला तीन थेंब. सुदाम म्हणाला, नळी जुनी आहे, ताठर झालीय, पुढच्या शुक्रवारी नरम तुकडा आणतो. मी त्याला बाष्पीभवनाचं गणित दाखवलं. त्याने नळी जमिनीत जाते तिथे बोट फिरवलं, बोटाकडे बघितलं, मग नयनाकडे. "व्हय साहेब," म्हणाला, "बाष्प लई झालंय." मग दोघंही कामाला लागले, तो भाकरी खायला आणि ती वाढायला.

रविवार, ११ सप्टेंबर

जोडाचा रीतसर टेस्ट रिपोर्ट तयार केला. ऑफिसच्या नमुन्यावरून, पण मराठीत. कामाचं वर्णन, तारीख, दाब, जोड करणारा, तपासणारा, साक्षीदार. थेंब पूर्ण थांबून अट्ठेचाळीस तास झाले की सह्या. साक्षीदार म्हणून नयनाला विचारलं. ती म्हणाली, "मी नाही बाई. ज्याने पाणी पाहिलं त्याने सही करावी." मग तू नाही का पाहिलंस? तर म्हणे, "माझ्याहून जास्त पाहिलेलं माणूस शोधा." कधीकधी ही काय बोलते कळत नाही.

गुरुवार, १५ सप्टेंबर

नयना रोज अकरा वाजता खाली जाते. खतिजाबींकडून कोलंबीचं कालवण शिकते म्हणे. दोन आठवडे होत आले, घरात अजून एकदाही कालवण शिजलेलं नाही. शिकणं काय आणि गप्पा काय, आपल्याला माहीत आहे. पण तिला मैत्रीण मिळाली याचं बरं वाटतं. सकाळी पाचला मी मेसईदच्या बसमध्ये बसतो, नुपूर शाळेत. ही दिवसभर या तीन खोल्यांत काय करते, हे मी चौदा वर्षांत नीट विचारलेलं नाही.

पातेलं अजून आलं नाही. एका बिर्याणीला बारा दिवस?

शुक्रवार, १६ सप्टेंबर

सुदाम आला नाही. त्याच्या कंपनीने स्टेडियमच्या बाजूचं काही काम घेतलंय, नोव्हेंबरच्या आत संपवायचंय, शुक्रवारची सुट्टी बंद. फोनवर म्हणाला, "साहेब, त्याला हात लावू नगा. तीनच थेंब हायेत. मी येतो."

लावला. मंगळवारी मालकाचा माणूस घरं बघायला येणार अशी नोटीस आलीय, आणि तीन थेंब म्हणजे गळतीच. मी अगदी अलगद, पाव फेरा आवळायला गेलो. बारीकसा आवाज आला. आता मिनिटाला पंधरा.

बराच वेळ तिथेच फरशीवर बसून राहिलो. खरं लिहायचं तर मला भीती वाटतेय. घर गेलं तर ते माझ्या हातांमुळे जाईल. नयना चहा घेऊन आली, शेजारी बसली. मी म्हटलं, तू आधीच सांगितलं होतंस. ती म्हणाली, "चहा घ्या." तिने तेवढंच म्हटलं म्हणून मला रडू आलं नाही.

मंगळवार, २० सप्टेंबर

रजा टाकली. सकाळी सातलाच मेन कॉक बंद, ट्रे तांदळाच्या डब्यामागे, फरशी कोरडी. नयना ऐन वेळी कोथिंबीर आणायला म्हणून निघून गेली! अशा दिवशी कोथिंबीर! एकट्याने तोंड दिलं.

मालकाचा माणूस आला, ओट्याखाली वाकून बघितलं, हातातल्या कागदावर खूण केली, "तमाम", म्हणजे सगळं ठीक, म्हणाला आणि गेला. मी ट्रे परत जागेवर सरकवला.

मागाहून नसरुद्दीनने खतिजाबींची गंमत सांगितली. "साब, सेकंड फ्लोर का किचन तो देखा ही नहीं. अम्माजी दरवाजे में खड़ी हो गई. बोली, अंदर लेडीज़ हैं, पर्दा है. वो बेचारा सलाम करके ऊपर आ गया." आम्ही दोघंही हसलो. रुकैयाची तर सकाळची ड्युटी. कसल्या लेडीज? म्हातारीला परक्या माणसाला चुलीपर्यंत येऊ द्यायचं नसणार. जुन्या वळणाची बाई.

दहा मिनिटांनी नयना आली. कोथिंबीर मिळाली नाही म्हणे. ओढणी खांद्यापर्यंत ओली. म्हणाली, बाहेर काय दमट हवा आहे.

बुधवार, २८ सप्टेंबर

करार वाढवून मिळाला! एक वर्ष. नसरुद्दीननेच कागद आणून दिला. त्याच्यासोबत खाली गेलो तर कळलं की खतिजाबींचाही झालाय. नयनाने साखर वाटली, नुपूरने माझ्या गळ्यात हात टाकून "वी आर सेफ, बाबा" म्हटलं. मी तिला सांगितलं, नियोजन, बेटा. सगळं नियोजन. गोष्ट चार भिंतींबाहेर जाऊ दिली नाही, म्हणून.

शुक्रवार, ३० सप्टेंबर

सुदाम आला! अर्ध्या दिवसाची सुट्टी मागून. सोबत नव्या नरम नळीचा तुकडा, वळवला तिकडे वळणारा. म्हणाला, आज मी ओट्याला हात लावणार नाही, स्टुलावर बसून बघणार. आणि खरंच बसला, मांडीवर पिठलं-भाकरीची ताटली घेऊन.

कापलं. धार काढली. मग थांबलो. नट घातला.  पट्टीत धरलं, तेलाचा थेंब, अर्धा पुढे, थोडा मागे. तोंड फुललं. नट वर सरकवून बघितला, बरोबर मावला. मग हाताने जाईल तितका आवळला आणि पान्याने थोडासा. अजून थोडा द्यावासा वाटला. सुदामने ताटलीतून वर बघितलं.

"साहेब. सोडा आता."

पाना खाली ठेवला. कॉक उघडला. नटाभोवती कोरडी टिश्यू गुंडाळली, चौघं तिच्याकडे बघत बसलो. कोरडी. सुदामने डाव्या हाताने टॉर्च मारला आणि म्हणाला, "ॲक्सेप्ट." मी त्याला मिठी मारली. माझ्या सदऱ्याला पिठलं लागलं.

कुणालाही सांगायचं नाही. अट्ठेचाळीस तास पूर्ण झाल्याशिवाय घराबाहेर कुणालाही नाही, अशी सगळ्यांना ताकीद दिली.

रविवार, २ ऑक्टोबर

आज ऑफिसला जायला हवं होतं. गेलो नाही.

काल ट्रे कोरडा होता. आज सकाळीही कोरडा. दुपारी अट्ठेचाळीस तास भरणार म्हणून मी हौसेने रजा टाकलेली. नऊ वाजता बेल वाजली. खतिजाबी. हातात गोविंदमामांचं पातेलं, त्यात गरम सांदणं, वर केळीचं पान. "रिकामां कसां आणू?" म्हणाल्या. मग माझ्याकडे बघून, "जमला हो तुला, प्रतापभाय. हात चांगलो हाय."

मी थँक्यू म्हणालो. त्या गेल्या. मग माझ्या डोक्यात आलं, यांना कुणी सांगितलं?

नयनाला विचारलं. ती म्हणाली, "मी नाही." आणि सांदणं दुसऱ्या डब्यात काढू लागली. रिकामं पातेलं तिने ओट्यावर ठेवलं. आतून त्याला चुन्याची पांढरी कडी बसली होती. तीन. एक जरा वर, एक अगदी तळाशी, एक मधे. बिर्याणीने अशी कडी पडत नाहीत. स्लॅबमधून झिरपलेल्या पाण्याने पडतात.

मी मापाचा कप घेतला आणि पातेल्यात पाणी ओतत गेलो, वरच्या कड्यापर्यंत. एक लिटर शंभर.

ते माझं बाष्पीभवन होतं. वरचं कडं म्हणजे सात वेढे टेप आणि तीस थेंब. तळचं म्हणजे सुदामच्या पहिल्या शुक्रवारनंतरचे तीन थेंब. मधलं म्हणजे मी अलगद दिलेला पाव फेरा. माझं सगळं काम त्या पातेल्यात लिहून ठेवलेलं होतं.

"किती दिवस?" मी विचारलं.

"पहिल्यापासून," नयना म्हणाली. "आरतीला आल्या होत्या ना, तेव्हाच त्यांच्या ओट्यावर पाणी होतं. दुसऱ्या दिवशी मला बोलावून दाखवलं. छताला ताटाएवढा डाग. मी म्हटलं, ह्यांना सांगते. तर म्हणाल्या, सांगू नको गो, पुरुषमाणूस आहे, लाजेल, घाईघाईत अजून मोडून ठेवील. नसरुद्दीनला कळलं तर तुझं घर जाईल. नि मला काय पाण्याची सवय नाही? मी समुद्राकाठची."

"आणि मालकाचा माणूस आला तेव्हा?"

"लेडीज मीच होते. टेबलावर चढून डाग पुसत होते."

"सुदामला ठाऊक होतं?"

"बोट फिरवलं तेव्हाच. मी म्हटलं, भाऊ, तुम्हीच करून टाका ना गुपचूप. तर म्हणाले, वहिनी, मी केला तर साहेब परत उघडून बघतील."

बघितला असता. मी नक्की उघडून बघितला असता.

मी ओट्याला टेकून उभा राहिलो. मला लाज वाटली, फार वाटली. म्हातारी नसरुद्दीनला एक शब्द बोलली असती तर तिचं छत एका दिवसात दुरुस्त झालं असतं आणि आम्ही घराबाहेर गेलो असतो. ती महिनाभर रोज माझं पाणी मोरीत ओतत राहिली आणि जिन्यात भेटली की मला सांगत राहिली, सावकाश होऊ दे. आणि मी तिला शटडाऊनच्या तारखा देत होतो. नयना जवळ आली. "चिडलात?" म्हणाली. मी नाही म्हणून मान हलवली. 

दुपारी अट्ठेचाळीस तास भरले, तसा टेस्ट रिपोर्ट घेऊन खाली गेलो. खतिजाबींनी या खेपेला मला सरळ आत नेलं. छतावर पिवळट डाग आहे, कडा भुरभुरल्यात. म्हटलं, येत्या शुक्रवारी मी रंग लावतो. त्या म्हणाल्या, "लाव. पण टेबलावर चढशील तेव्हा नयनाक धरूक सांग."

मी कागद पुढे केला आणि साक्षीदाराची जागा दाखवली. त्या दापोलीच्या मराठी शाळेत सातवीपर्यंत शिकल्यात. चष्मा लावून त्यांनी वरपासून सगळं वाचलं. "दाब-बिब माका काय कळना नाय," म्हणाल्या. "मी बघितलाय तेवढांच लिवते." मग पेन घट्ट धरून, एकेक अक्षर सुटं सुटं काढत लिहिलं. तो कागद मी इथे चिकटवून ठेवतोय.

जोड करणारा : प्रताप
तपासणारा : सुदाम
साक्षीदार : शुक्रवारपासून थेंब नाही. खतिजा.